जुनं रीळ, नवी कात्री

कॅमेऱ्याला हात न लावता सिनेमा करता येतो. दुसऱ्या कुणीतरी, दुसऱ्याच कामासाठी, कधीकाळी चित्रित केलेली फिल्म घ्यायची; त्यातलं नको ते काढायचं; उरलेलं नव्या क्रमाने जोडायचं; आवाज बदलायचा किंवा पुसून टाकायचा; वेग कमी-जास्त करायचा. एवढ्याच भांडवलावर गेली शंभरेक वर्षं जगभर काही माणसं काम करत आली आहेत. त्यांच्या कामाची ओळख मराठी वाचकाला करून द्यावी, हा पुढच्या पानांचा उद्देश आहे. वाचक सिनेमाचा विद्यार्थी असेलच असं नाही. मोबाइलवर क्लिपा कापून-जोडून स्टेटसला ठेवणारी तालुक्याची पोरंही मनात धरलेली आहेत.

आधी एक उदाहरण घेऊ. जोसेफ कॉर्नेल हा न्यूयॉर्कचा कलावंत. जुन्या बाजारातल्या वस्तू लाकडी खोक्यांत मांडून तो कलाकृती करायचा. त्याच्याकडे ‘ईस्ट ऑफ बोर्निओ’ या १९३१ सालच्या हॉलिवूडपटाची प्रत आली. जंगल, मगरी, ज्वालामुखी, हरवलेला नवरा आणि त्याला शोधत निघालेली बायको असा सगळा मसाला त्यात होता. कॉर्नेलने कात्री चालवली आणि गोष्टच काढून टाकली. ठेवली ती मुख्यतः नायिका, म्हणजे रोझ होबार्ट ही नटी. ती दाराशी येते, पडदा बाजूला सारते, कुणाकडे तरी पाहते, नजर खाली घालते. कुणाकडे पाहते ते आपल्याला कळत नाही, कारण समोरच्या माणसाचा शॉट कापलेला आहे. मध्येच सूर्यग्रहण येतं, पाण्यात काहीतरी पडून तरंग उठतात. मूळ संवाद काढून टाकलेले. त्याऐवजी ग्रामोफोनवर ब्राझीलचं नाचाचं संगीत. प्रोजेक्टर मूकपटाच्या संथ वेगाने चालवायचा आणि भिंगापुढे निळी काच धरायची. सव्वा तासाच्या चित्रपटाची एकोणीसेक मिनिटं उरली आणि त्याचं नाव ठेवलं ‘रोझ होबार्ट’. १९३६ साली न्यूयॉर्कच्या एका कलादालनात तो दाखवला तेव्हा साल्वादोर दाली प्रेक्षकांत होता. तो इतका भडकला की खेळ उधळायला उठला. असा सिनेमा आपण करणारच होतो, याने आपल्या डोक्यातली कल्पना चोरली, असं त्याचं म्हणणं होतं.

चोरीचा आळ कॉर्नेलवर आला खरा, पण तो घेणाऱ्याला हॉलिवूडचं काहीच देणंघेणं नव्हतं. आळ होता तो कल्पना चोरल्याचा. मूळ चित्रपटात नटी गोष्टीच्या ओझ्याखाली दबून गेली होती. गोष्ट गेल्यावर तिचं बघणं, थांबणं, खांदा वळवणं दिसायला लागलं. फिल्म तीच, चौकटी त्याच; दिसलं मात्र ते, जे १९३१च्या प्रेक्षकाला दिसलं नव्हतं.

तरीही शंका येतेच: हे म्हणजे आयत्या बिळावर नागोबा. कष्ट एकाचे आणि नाव दुसऱ्याचं. ही शंका आपल्याकडे तरी फार ताणू नये. कीर्तनकार अभंग स्वतः रचत नाही. समोर बसलेल्यांना तो अभंग पाठ असतो, तरी माणसं दोन-दोन तास हलत नाहीत, कारण आज या बुवांनी त्यातून काय काढलं ते ऐकायचं असतं. एकाच चरणावर एक बुवा रडवतो, दुसरा हसवतो आणि तिसरा गावच्या पुढाऱ्याला टोमणा मारून जातो. जुन्या फिल्मवर काम करणारा दिग्दर्शक हेच करतो. त्याचं कर्तृत्व मोजायचं ते निरूपणावरून.

निरूपण किती धारदार होऊ शकतं, ते एस्थर शुब या रशियन संकलकाने १९२७ साली दाखवलं. झारच्या घराण्याने आपल्या हौसेसाठी चित्रित करवून घेतलेली फिल्म, जुनी वार्तापत्रं आणि तळघरांत कुजत पडलेले डबे तिने गोळा केले आणि ‘रोमानोव्ह घराण्याचा पाडाव’ हा चित्रपट रचला. त्यात बड्या घरची मंडळी जहाजावर घाम फुटेस्तोवर नाचतात आणि लगेच पुढच्या शॉटमध्ये मजूर घाम गाळत खड्डा खणतात. दोन्ही तुकडे खरे. राजाचंच कौतुक-चित्र राजाविरुद्ध साक्षीला उभं केलं. पुढे १९५८ मध्ये अमेरिकेत ब्रूस कॉनरने ‘अ मूव्ही’ हा बारा मिनिटांचा चित्रपट केला. त्यात पाणबुडीचा कप्तान दुर्बिणीला डोळा लावतो, पुढच्या शॉटमध्ये तोकड्या कपड्यांतली बाई दिसते, मग टॉर्पेडो सुटतो आणि अणुस्फोटाचा ढग वर चढतो. चार ठिकाणची चार चित्रं. हसू येतं आणि मागोमाग अंगावर काटा येतो. जोडणाऱ्याने काय केलं? दोन चित्रांमधली फट वापरली. त्या फटीत प्रेक्षक आपलं डोकं घालतो आणि अर्थ तिथे तयार होतो.

हे सगळं परदेशी, कलादालनातलं, आपल्याला काय त्याचं, असं वाटू शकतं. मी हे लिहितोय ते डोणगावात बसून. मेहकर तालुक्यातलं, मेहकर-मालेगाव रस्त्यावरचं हे गाव. लोणारचं सरोवर इथून जवळ. या पट्ट्यात कापूस, सोयाबीन, तूर हे बोलण्याचे विषय. प्रायोगिक सिनेमा हा नव्हे. पण मला वाटतं, कापलेला-जोडलेला सिनेमा आमच्यासारख्या गावांनी जितका पाहिला तितका मुंबईच्या प्रेक्षकाने पाहिला नसेल.

कारण साधं आहे. फिल्मची प्रत नवीकोरी असे तेव्हा ती मोठ्या शहरात लागायची. तिथून जिल्ह्याला, मग तालुक्याला आणि सगळ्यात शेवटी जत्रेतल्या तंबूत. पस्तीस मिलिमीटरच्या एका फूट फिल्मवर सोळा चौकटी असतात आणि सेकंदाला चोवीस चौकटी पडद्यावरून जातात. प्रोजेक्टरच्या दात्यांनी कडेची भोकं फाटली की रीळ तुटतं. तुटलं की तंबूत अंधार, शिट्ट्या आणि ऑपरेटरच्या खानदानाचा उद्धार. ऑपरेटर फाटका भाग कापतो, कडेचा मसाला पात्याने खरवडतो, सिमेंट लावतो, दोन टोकं दाबून धरतो आणि पुन्हा कार्बन पेटवतो. दर जोडामागे चौकट-दोन चौकटी गेल्या. अशा दहा-पंधरा जोडांनंतर खलनायक बंदूक काढण्याआधीच मरतो आणि नायिका रडता रडता एकदम झाडाभोवती फिरायला लागते. रिळाच्या सुरुवातीला आणि शेवटाला उभ्या रेघांचा पाऊस पडायचा, तो वेगळाच. खेळ वेळेत संपवायला ऑपरेटरने एखादं गाणं गाळलं, रिळं मागेपुढे लावली, अशा गोष्टी ज्याने तंबूत सिनेमा पाहिला त्या प्रत्येकाकडे आहेत. शर्ली अब्राहम आणि अमित मधेशिया यांनी महाराष्ट्रातल्या फिरत्या तंबूंवर केलेला ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ हा माहितीपट २०१६ साली कान महोत्सवात गौरवला गेला. त्यात ही यंत्रं, तो गंज, ते वंगण आणि डिजिटल प्रोजेक्टर आल्यावर झालेली पडझड जवळून पाहायला मिळते.

कापून फेकलेले तुकडे पोरांच्या हाती लागायचे, तिथून पुढचा प्रयोग सुरू व्हायचा. फ्यूज गेलेल्या बल्बचं बूड सांभाळून फोडायचं, आतली तार काढायची आणि त्यात पाणी भरायचं, झालं भिंग. बाहेर उन्हात एकाने आरसा धरायचा आणि दाराच्या फटीतून कवडसा आत सोडायचा. आत खोलीत दुसऱ्याने बल्बमागे फिल्म धरायची, तीही उलटी, म्हणजे भिंतीवर सुलटी दिसते. चित्र हलत नसे. मग त्यात गंमत आणण्यासाठी एका सिनेमाच्या नायकाशेजारी दुसऱ्याच सिनेमाची नायिका यायची, देवाच्या सिनेमातला साप डाकूच्या गळ्यात पडायचा आणि आत बसलेला एखादा बोलका पोरगा दोघांचे संवाद म्हणायचा. कॉर्नेलचं नाव माहीत नसताना केलेलं हे कॉर्नेलचंच काम होतं. फरक एवढाच की त्याची नोंद कुठे झाली नाही.

नोंदीचा, साठ्याचा आणि जपणुकीचा हा प्रश्न पुढे वारंवार येणार आहे, कारण या कलेचा सगळा डोलारा त्यावर उभा आहे. दुसऱ्यांदा पाहायचं तर पहिलं शिल्लक असावं लागतं. आणि या बाबतीत आपली परिस्थिती बिकट आहे. भारतात सुमारे तेराशे मूकपट बनले; त्यांतले पूर्ण किंवा अर्धेमुर्धे हाती उरले ते तिसेकच. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशनमध्ये लागला. त्याच्या चार रिळांपैकी आज पहिलं आणि शेवटचं तेवढं आहे. ती तरी १९१३ ची की फाळक्यांनी १९१७ साली पुन्हा चित्रित केलेल्या आवृत्तीची, यावर अभ्यासकांत एकमत नाही. मधली गोष्ट आपण पुराणावरून भरून घेतो. म्हणजे भारतीय सिनेमाचा आद्यग्रंथच आपल्या हाती तुकड्यांत आला आहे.

ते तुकडे तरी राहिले याचं श्रेय पी. के. नायर यांना. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ साली स्थापन झालं आणि पुढच्याच वर्षी नायर तिथे रुजू झाले. फाळके कुटुंबाकडून, जुन्या वितरकांकडून, भंगारवाल्यांकडून त्यांनी डबे मिळवले. भंगारवाल्यांना जुन्या फिल्ममध्ये रस असायचा तो तिच्यातल्या चांदीपुरता. नायर यांच्यावरचा शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांचा ‘सेल्युलॉइड मॅन’ (२०१२) जरूर पाहावा. त्यात अनेक जुन्या चित्रपटांचे तुकडे आहेत आणि एका माणसाचं चरित्र त्याने वाचवलेल्या तुकड्यांतूनच सांगितलेलं आहे.

नायर यांनी वाचवलेल्या फिल्मपैकी ‘कालिया मर्दन’ (१९१९) ही प्रस्तुत पुस्तकाच्या दृष्टीने महत्त्वाची. सुरुवातीला फाळक्यांची लहान मुलगी मंदाकिनी साध्या वेशात समोर येते आणि चेहऱ्यावर एकेक भाव करून दाखवते: राग, हसू, रडू. मग तीच मुलगी बघता बघता कृष्णाच्या वेशात बदलते आणि पुढे गोष्ट सुरू होते. म्हणजे फाळके आधी सांगतात की ही माझी पोर आहे, ती नाटक करते आहे, आणि तरीही तुम्ही तिला देव मानणार आहात. तेव्हाचा प्रेक्षक कृष्णाला हात जोडत होता. आज आपण त्या पोरीकडे पाहतो. तिचं दमणं, कॅमेऱ्यामागे उभ्या बापाकडे जाणारी तिची नजर आपल्याला दिसते. यातला एकही शॉट कुणी बदललेला नाही. मध्ये गेलेल्या शंभर वर्षांनीच त्यावर संकलन केलं.

फाळक्यांचा आणखी एक तुकडा वाचकाने नक्की पाहिलेला असेल. चित्रपट कसे तयार करतात हे दाखवणाऱ्या त्यांच्या फिल्मचा काही भाग उरला आहे. त्यात ते स्वतः फिल्मची पट्टी हातात धरून न्याहाळताना दिसतात. फाळक्यांवरचा कुठलाही कार्यक्रम घ्या, हा तुकडा असतोच. इतका वापरला गेलाय की तो ठरवून, कॅमेऱ्यासमोर केलेला अभिनय आहे हे आपण विसरतो. तुकडा फिरवून फिरवून त्याचा पुरावा होतो, ही या कलेची धोक्याची बाजू. प्रायोगिक दिग्दर्शकाचं काम निम्मं तरी इथेच असतं: पुरावा म्हणून चालून आलेल्या चित्राला ‘तुला कुणी, कशासाठी काढलं?’ असं विचारणं.

जुनी फिल्म नायट्रेटची असायची. ती पटकन पेट घेते आणि पेटली की पाण्याने विझत नाही. २००३ च्या जानेवारीत पुण्यात अशा फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि प्रभातच्या काळापासूनचं कितीतरी धन त्यात गेलं. जी जळत नाही ती कुजते: फुगते, चिकट होते आणि शेवटी तिची पावडर होते. बिल मॉरिसन या अमेरिकन दिग्दर्शकाने अशा कुजक्या फिल्ममधूनच ‘डेकेशिया’ (२००२) उभा केला. त्यात एक मुष्टियोद्धा ठोसे मारतो आहे. समोरचा भाग कुजून गेल्यामुळे तो एका उकळत्या डागाशी झुंजतोय असं दिसतं. पुण्यातल्या राखेतून मात्र असं काही काढता येणार नाही.

मुंबईत या प्रकारच्या कामाची मुळं १९६९ पर्यंत मागे जातात. चित्रकार अकबर पदमसी यांना नेहरू फेलोशिप मिळाली आणि त्या पैशांतून त्यांनी ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ काढलं: चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले एकत्र येऊन प्रयोग करतील अशी जागा. पदमसींनी तिथे ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ ही सहाएक मिनिटांची फिल्म केली. एकच प्रत होती. ती प्रदर्शनासाठी पाठवली आणि वाटेत हरवली. पुढे चाळीसेक वर्षांनी अशिम अहलुवालिया यांनी म्हाताऱ्या पदमसींना गाठलं आणि त्यांच्या आठवणीवरून ती फिल्म पुन्हा रचायचा प्रयत्न केला. २०१६ चा हा चित्रपट त्याच नावाने आहे. हाताशी मूळ तुकडाच नाही, असं हे जुन्या फिल्मवरचं काम. कापायला काहीच उरलेलं नसलं की आठवणीवर कात्री चालते.

त्याच वर्कशॉपमध्ये वयाच्या तेविशीत नलिनी मालानी आल्या. कागदी घरांचं मॉडेल करून, रंगीत प्रकाश टाकून त्यांनी ‘ड्रीम हाउसेस’ ही छोटी फिल्म केली. नव्या देशाला नवी घरं मिळतील, वास्तुरचनेतून समाज बदलेल, अशा त्या दिवसांच्या भरवशाची ती फिल्म. १९७६ साली त्यांनी दुसरी, कृष्णधवल फिल्म काढली. त्यात एक तरुणी मुंबईच्या पसाऱ्याकडे बघत उभी आहे. मग दोन्ही फिल्म शेजारी-शेजारी लावल्या आणि त्या जोडीला नाव दिलं ‘युटोपिया’. जुन्या फिल्मचा एक शॉटही बदललेला नाही. शेजारी आलेल्या फिल्मने तिचा अर्थ बदलला. सात वर्षांपूर्वीची स्वतःची आशा स्वतःच पुन्हा पाहायची आणि इतरांना दाखवायची, याला धाडस लागतं.

सरकारी फिल्म्स डिव्हिजनमध्येही खोडकर माणसं होती. १९४८ पासून तिथली वार्तापत्रं आणि माहितीपट देशभरच्या थिएटरांत मुख्य चित्रपटाआधी सक्तीने दाखवले जात, म्हणून धरणं, ट्रॅक्टर आणि पुढाऱ्यांच्या फिती आमच्या पट्ट्यातही घरोघरी माहीत होत्या. विडी ओढून येण्याची ती हक्काची वेळ. तिथेच नोकरी करणाऱ्या एस. एन. एस. शास्त्री यांनी ‘अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स’ (१९६८) मध्ये याच प्रचारकी फिल्मच्या तुकडेबाजीची फिरकी घेतली आणि ‘फ्लॅशबॅक’ (१९७४) मध्ये जुन्या माहितीपटांचे तुकडे घेऊन माहितीपटाचाच लेखाजोखा मांडला. घरच्या भाकरी खाऊन घरचेच वाभाडे काढायचे, आणि तेही घरच्याच कात्रीने.

या परंपरेचं अलीकडचं ठळक उदाहरण पुन्हा पुण्याचं, आणि नलिनी मालानींच्याच घरातलं. त्यांची मुलगी पायल कपाडिया हिचा ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ २०२१ मध्ये कानला आला आणि तिथला सर्वोत्तम माहितीपटाचा ‘गोल्डन आय’ पुरस्कार घेऊन गेला. वसतिगृहाच्या खोलीत एका विद्यार्थिनीची पत्रं सापडतात. ‘एल’ एवढीच तिची सही. तिचं प्रेम जातीच्या भिंतीवर आपटून तुटलं आहे. ही पत्रं कल्पित. त्यांच्याखाली जे दिसतं ते मात्र बऱ्याच अंशी खरं आणि ठिकठिकाणचं: पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये २०१५ साली १३९ दिवस चाललेला संप, मित्रांनी केलेलं चित्रण, कुणाच्या तरी घरची जुनी कौटुंबिक फिल्म, वर्तमानपत्रांची कात्रणं, ग्रंथालयात घुसून लाठ्या चालवणाऱ्या पोलिसांचं सीसीटीव्ही चित्रण. सीसीटीव्हीचा तुकडा टीव्हीवर आपण बातमी म्हणून पाहिलेला असतो: लाल गोल, बाण, निवेदकाचा आरडाओरडा. इथे तो जवळजवळ निःशब्द येतो आणि बराच वेळ चालतो. पळणाऱ्या पोरांची संख्या मोजायला वेळ मिळतो. बाकावरची उघडी पुस्तकं दिसतात. बातमीने जे दाखवून झाकलं होतं, ते कल्पित पत्राच्या आधाराने उघडं पडतं.

साठा आता पुण्या-मुंबईच्या कपाटांतच असतो असंही नाही. मुंबईच्या ‘कॅम्प’ या गटाने २०१३ मध्ये ‘फ्रॉम गल्फ टू गल्फ टू गल्फ’ केला. कच्छ, सिंध, बलुचिस्तान, इराण इथले खलाशी लाकडी गलबतांवरून शारजा-सोमालियापर्यंत माल नेतात. वाटेत त्यांनी मोबाइलवर काढलेल्या क्लिपांना त्यांच्या आवडीची गाणी चिकटवलेली होती. गटाने त्या गाण्यांसकट त्या घेतल्या आणि त्यांतून संपूर्ण लांबीचा चित्रपट बांधला. गाणं ‘वरून’ लावलेलं आहे म्हणून ते काढलं नाही, कारण खलाशाने केलेलं संकलन हेच मुळात पाहण्यासारखं होतं.

आणि मालेगाव. डोणगावात मालेगाव म्हटलं की वाशीमचं, तासाभराच्या आतलं. मी म्हणतोय ते नाशिक जिल्ह्यातलं, यंत्रमागांचं. तिथे शेख नासिर यांनी ‘मालेगाव के शोले’ केला आणि फैजा अहमद खान यांच्या ‘सुपरमेन ऑफ मालेगाव’ या माहितीपटाने ते जगाला कळले. रीमा कागती यांचा ‘सुपरबॉईज ऑफ मालेगाव’ २०२५ मध्ये आपल्याकडे लागला. त्यात व्हिडिओ पार्लरवाला नायक बस्टर किटनच्या जुन्या मूकपटात मारामारीच्या सिनेमाचे तुकडे घालून गर्दी खेचतो, असं दाखवलंय. शेवटी पोलीस येतात. शहरातल्या कलादालनात याच कामाला सन्मान मिळतो आणि पार्लरमध्ये छापा पडतो. फरक कामाच्या दर्जाचा किती आणि पत्त्याचा किती, हा प्रश्न या पुस्तकाने टाळलेला नाही.

आमच्याकडचा प्रकार म्हणजे वऱ्हाडी डबिंग. इंग्रजी सिनेमातला कोट घातलेला साहेब फोन उचलतो आणि वऱ्हाडीत पीककर्जाचं विचारायला लागतो. अख्खं घर हसून लोळतं. रने व्हिएने या फ्रेंच माणसाने १९७३ साली हेच केलं होतं. हाँगकाँगचा एक मारामारीपट जसाच्या तसा ठेवून त्याने त्यातल्या पात्रांच्या तोंडी मार्क्सवादी वाद घातले. चित्रावर आवाजाची किती हुकूमत चालते, ते अशा खोड्यांतून कळतं. वऱ्हाडी डबिंगचं बहुतेक काम हशापाशी थांबतं, हे खरं. पण ज्या बोलीला सिनेमाने गड्याच्या आणि विदूषकाच्या तोंडी बसवलं, ती बोली साहेबाच्या तोंडात घालणं ही नुसती गंमत राहत नाही.

आता हक्कांचं. आपल्या १९५७ च्या कायद्यानुसार चित्रपटावरचा हक्क प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून साठ वर्षं चालतो. १९६४ साली प्रदर्शित झालेला चित्रपट २०२४ सरताना मोकळा झाला. पण त्यातल्या गाण्यांचे शब्द-चाली, कथा यांचा हिशोब वेगळा, कर्त्याच्या मृत्यूनंतरच्या साठ वर्षांचा. म्हणून चित्र मोकळं आणि गाणं बांधलेलं, असं होतं. टीका-समीक्षेसाठी रास्त वापराची मुभा कायद्यात आहे. ती कुठवर ताणायची ते जाणकाराला विचारूनच ठरवावं. कायद्याच्या पलीकडची जबाबदारी त्याहून मोठी आहे. पडद्यावरच्या नटीने निदान पैसे घेऊन चेहरा दिला होता. घरगुती फितीतल्या बाईने तोही दिलेला नसतो.

घरगुती फितीचा विषय मुद्दाम शेवटी ठेवलाय. डोणगावसारख्या गावांनी सिनेमे भरपूर पाहिले, पण स्वतः गाव कुठल्या सिनेमात आलं? इथल्या माणसांचं हलतं चित्र सगळ्यात जास्त कुठे असेल तर ते नव्वदच्या दशकापासूनच्या लग्नाच्या कॅसेटींत. हळद, वरात, पंगत, मांडवात रुसलेले मामा, शूटिंगवाल्याच्या हॅलोजनने दिपलेले म्हाताऱ्यांचे डोळे. वर ‘मिक्सिंग’ केलेलं: नवरीचा चेहरा गुलाबात, नवरदेव बदामात, मागे त्या साली गाजलेलं गाणं. त्या तीन तासांत सरकलेला कॅमेरा पुष्कळ काही पकडून बसला आहे: आता पडलेली घरं, बैलगाड्या, पंगतीत कोण कुठे बसलं, कुणाला पुढे बोलावलं, कोण भांडी घासत मागे दिसलं. ज्याच्याकडे पैसे होते त्याच्याच लग्नाला शूटिंगवाला आला, म्हणून कोण दिसतच नाही, हेही त्याच कॅसेटींतून कळतं.

या कॅसेटी आता संपत आल्या आहेत. पट्टीवरचा चुंबकीय थर सुटतो, दमट कपाटात तिला पांढरी बुरशी लागते. व्हीसीआर बनवणाऱ्या शेवटच्या जपानी कंपनीने २०१६ मध्ये उत्पादन बंद केलं. चालू यंत्र आणि ते दुरुस्त करणारा, दोन्ही दुर्मीळ. पुण्याच्या संग्रहालयात या लग्नांना जागा मिळणार नाही. नायर यांनी भंगारातून जे काम केलं ते तालुक्याच्या पातळीवर कुणीतरी करायला हवं, आणि त्यासाठी पदवी लागत नाही.

म्हणून पुढची प्रकरणं वाचून हुरूप आला तर आधी मोबाइलवरचं संकलनाचं ॲप उघडू नये. आधी घरातली एक कॅसेट शोधावी, यंत्र मिळेल तिथे नेऊन तिची डिजिटल प्रत करून घ्यावी, मूळ पट्टी कोरड्या जागी उभी ठेवावी. मग ती आजी-काकूंबरोबर बसून पाहावी आणि दिसेल त्या प्रत्येकाचं नाव, गाव, नातं वहीत लिहून घ्यावं. कात्री लावायची ती त्यानंतर, आणि ज्या बायामाणसांचे चेहरे आहेत त्यांना विचारून. कुणी ‘माझं नको दाखवू’ म्हटलं तर तो तुकडा गाळावा. गाळलेल्या जागेलाही अर्थ असतो, हे कॉर्नेलकडून शिकता येतं. गुलाब आणि बदाम काढायचे की ठेवायचे, हा पहिला कलात्मक प्रश्न तिथे आपोआप समोर येईल. त्याचं उत्तर या पुस्तकातल्या कुठल्याही दिग्दर्शकाकडे तयार नाही. ते ज्याच्या हाती कॅसेट आहे त्यालाच शोधावं लागेल, आणि पट्टी टिकून आहे तोवरच.

डोणगाव, ता. मेहकर, जि. बुलढाणा